उंदरांच्या वाटा

माझ्या तोंडाला पाणी सुटलं, एवढंच झालं. गुरुवारची सकाळ होती. ऑकलंडमधल्या एका चकचकीत हॉटेलच्या स्वयंपाकघरात मी गुडघ्यांवर बसून शेगडीखाली टॉर्च मारत होते. महापालिकेची अन्न निरीक्षक म्हणून माझं सगळं आयुष्य असंच गेलं. लोकांच्या शेगड्यांखाली, फ्रीजमागे, ओट्याच्या सांध्यांत नाक खुपसायचं आणि जे सापडेल त्याला नावं ठेवायची. हॉटेलचा मालक ग्रेगरी, चामड्याचा एप्रन घातलेला लालबुंद माणूस, माझ्या पाठीमागे उभा राहून हवापाण्याच्या गप्पा मारत होता. त्यानं नुकतीच भट्टी पेटवली होती. आणि तो वास आला. चरबी सावकाश वितळून जाळावर पडते तेव्हाचा, खरपूस, गोडसर, मागे कुठेतरी रानातल्या पिकलेल्या फळांचा. माझी जीभ आपोआप टाळूला लागली. मी मान वर न करताच विचारलं, "बदक लावलंय का भाजायला? झकास वास सुटलाय." ग्रेगरी म्हणाला, "बदक? अजून काहीच लावलं नाही, मॅडम. नुसती भट्टी तापतेय." मग आम्ही एकमेकांकडे पाहिलं. त्यानं भट्टीखालचा पत्रा सोडवून बाजूला केला. आत नळीवर एक उंदीर आडवा पडला होता. उबेला म्हणून शिरला असणार आणि अडकला असणार. केस जळून गेले होते, कातडी तांबूस होऊन पाठीवर फुटली होती, आणि त्या फटीत चरबीचा थेंब फुगत फुगत मोठा व्हायचा आणि खाली पडून चर्र करायचा. ग्रेगरी मोरीकडे धावला आणि भडाभडा ओकला. मी ओकले नाही. माझं तोंड लाळेनं भरलं होतं. ती मी गिळली.

हॉटेलला मी सर्वांत खालचा दर्जा दिला. दारावर लावायचा कागद स्वतःच्या हातानं चिकटवला. चिकटवताना मी ओठ घट्ट दाबून धरले होते आणि ग्रेगरीला वाटलं मी संतापलेय. तो अजिजीनं म्हणाला, "मॅडम, एकच होता हो. एका उंदरापायी एवढं?" मी त्याच्याकडे जी नजर टाकली ती माझी नेहमीची नजर. पुढ्यातला माणूस त्या नजरेनं जरा लहान होतो, हात पाठीमागे नेतो, नखं लपवतो. ती नजर मला चांगली जमते. किळस हीच माझी भाकरी आहे. तिच्यावर मी घर घेतलं, मोटार घेतली, नवऱ्याला सोडलं तेव्हा तिच्याच आधारावर ताठ उभी राहिले. माझ्या घरी या, खुशाल जमिनीवर भात वाढून घ्या. ताटं पुसायचं फडकं आणि अंगावरचे कपडे मी कधी एकत्र धुवत नाही. आमच्या, या देशातल्या मूळच्या लोकांत कुणीच धुवत नाही. जेवणाचं ते जेवणाचं आणि अंगाचं ते अंगाचं. गोऱ्या मैत्रिणींच्या घरी हे सगळं एकाच मशीनमध्ये गरगरताना दिसलं की मला त्यांच्याकडचा चहासुद्धा घशाखाली उतरत नाही. तर अशी मी. आणि त्या संध्याकाळी मी माझ्या पांढऱ्या शुभ्र न्हाणीघरात उभी राहून हिरड्यांतून रक्त येईपर्यंत दात घासत होते. जीभ खरवडत होते. थुंकत होते. चव जात नव्हती, कारण ती चव त्या दिवशीची नव्हतीच. मी त्या हॉटेलात काही खाल्लं नव्हतं. माझ्या जिभेनं तो वास ओळखला होता, जुनं माणूस रस्त्यात भेटावं तसा, आणि मला न विचारता त्याला हाक मारली होती.

नेमकं हे शनिवारच्या सभेच्या तोंडावर व्हावं याचा मला फार राग आला. उत्तरेला, आमच्या गावासमोर समुद्रात मोतुहारा नावाचं बेट आहे. ते आमच्या कुळाचं. त्या बेटावर कियोरे आहेत. कियोरे म्हणजे आमचा उंदीर. शहरात जो दिसतो, जो ग्रेगरीच्या भट्टीत भाजला, तो गोऱ्यांच्या जहाजांतून उतरलेला, दांडगा, काळा. त्यानं आणि मांजरांनी मिळून मुख्य जमिनीवरचे आमचे उंदीर कधीच संपवले. आमचा तळहातावर मावेल एवढा, तपकिरी, पोटाकडे फिका. तो उरलाय तो असल्या चार-दोन बेटांवर. आता पक्षी वाचवणारी माणसं म्हणत होती की या हिवाळ्यात हेलिकॉप्टरनं बेटावर विष टाकू, सगळे उंदीर मारू, म्हणजे ओई पक्ष्यांची पिल्लं जगतील. ओई बिळात अंडं घालतो आणि उंदीर बिळात शिरतात. खर्च त्यांचा, होकार आमचा. आणि आमच्यात होकार म्हणजे सभाघरात बसलेल्या प्रत्येकाचा होकार. एकजण जरी आडवा गेला तरी गोष्ट तिथेच थांबते. माझा चुलतभाऊ तामाती महिनाभर फोन करून एकेकाला वळवत होता. मला वळवायची गरजच पडली नाही. मी पहिल्याच फोनला म्हटलं होतं, "मारा मेल्यांना. एकही ठेवू नका." पण माझ्या शब्दाचं वजन वेगळं होतं. फार पूर्वी, सरकारनं जमिनींचे हक्क ठरवायला कोर्ट बसवलं तेव्हा शेजारच्या खाडीतले लोकही बेट आमचंच म्हणू लागले. न्यायाधीशानं विचारलं, तुमचं कशावरून? तेव्हा आमच्या खापरपणजोबानं उभं राहून बेटावरच्या उंदरांच्या वाटा सांगितल्या. उंदीर रोज एकाच वाटेनं जातात. त्या वाटांवर फास कुणी लावायचे हे घराघरांत वाटून दिलेलं असे, आणि प्रत्येक वाटेला नाव असे. त्यानं एकेक नाव घेतलं आणि कुणाच्या बापानं तिथे उंदीर धरले ते सांगितलं. शेजाऱ्यांना एकही वाट सांगता आली नाही. असं ते बेट आमचं झालं. दुसऱ्यांची जमीन म्हणे तलवारीनं मिळते, नांगरानं मिळते. आमची उंदरांनी मिळाली. शाळेत हे कुणाला सांगायची सोय नव्हती. आणि त्या वाटा पायांनी चाललेली, नावानिशी पाठ असलेली आता मी एकटी उरले होते. तामाती म्हणाला होता, "तू आधी वाटा म्हण, पूर्वजांना नमस्कार होईल. मग होकार दे. तू हो म्हटलंस की विषाला विरोध करणाऱ्या रिपेका आँटीचं तोंड बंद."

शुक्रवारी दुपारी तो मला न्यायला आला. तामातीच्या गाडीत नेहमी ओल्या कुत्र्याचा आणि मासळीच्या आमिषाचा वास असतो. मी सीटवर टॉवेल पसरला तसा तो हसला. "बस गं बाई, बस. गाडीला दर्जा नको देऊस फक्त." "दिला असता तर तुला चालत जावं लागलं असतं." शहर मागे पडलं, पुलावरून खाली उतरल्यावर त्यानं काच खाली केली आणि त्याचं भाषण सुरू झालं. बेटावर पुन्हा पक्षी, मग पक्षी पाहायला माणसं, मग आपली होडी, आपली पोरं वाटाडे, आपल्या हूरियाला गावातच काम. हूरिया त्याची धाकटी लेक, नुकतीच बाळंत झालेली. मी नुसतं हं हं करत होते. तोंडात पेपरमिंट धरला होता. तो म्हणाला, "आणि ही विद्यापीठातली माणसं बघ. आपल्या उंदरांची हाडं उकरून नेली, रक्त तपासलं आणि सांगितलं की तुमचे पूर्वज अमक्या बेटावरून तमक्या बेटावर आले. अगं, आपले म्हातारे पिढ्यान् पिढ्या तेच सांगत होते! त्यांना कुणी विचारलं नाही. उंदरानं सांगितल्यावर पटलं." "उंदीर खोटं बोलत नाही ना," मी म्हटलं. "उंदीर पोहतही नाही," तो म्हणाला, "धड चार हात पोहत नाही. म्हणजे जिथं जिथं तो आहे तिथं तिथं आपल्यापैकी कुणीतरी नेला म्हणूनच आहे. समुद्रभर घाण करत गेलो आपण. आता आपणच निस्तरायची." मग थोड्या वेळानं, रस्त्यावरची नजर न काढता, "कोरो आपल्याला तो डबा द्यायचा, आठवतं? मी तर थुंकून टाकायचो. कसं खायचे हे लोक देव जाणे." मी त्याच्याकडे पाहिलं. जाड मान, पिकलेले केस, डाव्या कानामागे लहानपणीच्या खोकेचा व्रण. तामाती थुंकायचा नाही. तामाती डब्याचं झाकण चाटायचा. जीभ कडेकडेनं फिरवून, डोळे मिटून. पण मी पेपरमिंट दातांखाली फोडला आणि खिडकीबाहेर पाहत राहिले.

कोरो म्हणजे माझा आजोबा एरुएरा. आम्ही दोघं नऊ-दहा वर्षांचे असताना तो आम्हाला हिवाळ्याच्या सुट्टीत, कधी वसंतातही, बेटावर घेऊन जायचा. तिथे पत्र्याची एक झोपडी होती, तिला सतत धुराचा, मिठाचा आणि ओल्या लोकरीचा वास. कोरोच्या हातांना चरबीचा. तो माझ्या डोक्याला कधी हात लावायचा नाही, डोकं पवित्र आणि त्याचे हात जेवणाचे. पण मनगट धरून चालवायचा, आणि माझं मनगट मग दिवसभर तुकतुकीत राहायचं. पहाटेचं धुकं, पायांखाली कुजकी पानं, आणि पानांतून गेलेली ती वाट, माझ्या तळव्याएवढी रुंद, झाडून काढल्यासारखी स्वच्छ. स्वच्छ! मला आजही आठवतं, मला तिचं तेच आवडलं होतं. "ही वाकड्या राताच्या झाडाची वाट," कोरो सांगायचा, "इथं तुझ्या पणजीचे, हेरापेकाचे फास. ही तुही नावाचा आपला पूर्वज पडला ती. इथं थांब, त्याचं नाव घे, मग पुढं हो. ही दोन बहिणींची. ही पाण्याकडची, ही आपली नाही, वारलेल्या चुलत्याची, पण त्याच्या मागं कुणी नाही तर आपण सांभाळतो." काड्यांच्या कमानीत फास, फासात उंदीर, रानातली फळं खाऊन टुमटुमीत झालेले. तो ते कानातल्या सोन्यासारखे हलक्या हातानं सोडवायचा. मग शेकोटी, केस जाळून काढणं, हाडं काढणं, स्वतःच्याच चरबीत शिजवणं, आणि वर चरबीचा थर गोठवून गोड पाकाच्या रिकाम्या डब्यात भरणं. हे मी पाहिलं नव्हतं असं नाही. पण त्याच फळीवर दुसरा डबा असे, त्यात वसंतात धरलेली ओईची पिल्लं, तीही त्यांच्याच चरबीत. दोन्ही डबे सारखे. एका संध्याकाळी भूक लागली म्हणून मी डबा काढला आणि ओई समजून बोटांनी खात सुटले. तामाती झाकणावर. अर्धा डबा संपल्यावर माझ्या बोटांत एक पंजा आला. इवलासा, चार बोटं, प्रत्येकाला नख. एखाद्या तान्ह्या बाळाचा असावा तसा. मी तो कोरोला दाखवला. कोरो हसून हसून खोकू लागला. "चुकलीस गं! काय, थुंकतेस?" मी पंजा बाजूला ठेवला आणि म्हटलं, "अजून आहे का?"

त्या दिवशी मला किळस आली नव्हती. हे मी गाडीत बसल्या बसल्या मान्य केलं. किळस मला शाळेत मिळाली, पाटी-पेन्सिलीसारखी, सगळ्यांबरोबर बाकावर बसून. सुट्टीत काय केलं ते बाईंनी विचारलं आणि मी उभी राहून हौसेनं सगळं सांगितलं. वर्गात ओंगळ हसू उठलं. बाई मला नळाजवळ घेऊन गेल्या. वाईट नव्हत्या, हळू बोलायच्या, हातांना लॅव्हेंडरचा वास. त्यांनी माझ्या तोंडात लाल साबणाचा तुकडा घातला आणि दातांवरून, जिभेवरून घासला, अगदी मागेपर्यंत, आणि म्हणाल्या, "आता स्वच्छ." तामाती खिडकीत उभा होता. घरी आईला कळलं. ती बाईंवर भडकेल असं मला वाटलं. ती कोरोवर भडकली. त्यानंतर मला बेटावर पाठवणं बंद झालं, आणि पुढच्या वर्षी आम्ही ऑकलंडला आलो. पुढे मी हातात टॉर्च घेतली, आणि माझ्या स्वतःच्या पिशवीतून लॅव्हेंडरचा वास येऊ लागला, आणि इतकी वर्षं मी लोकांना नळाजवळ घेऊन जात राहिले. पण ज्याची मला खरी शिसारी आली ते हे नव्हतं. मला एकदम तो वसंतातला दिवस आठवला. ओईच्या बिळात हात घालून मी पिल्लू बाहेर काढलं होतं, राखाडी कापसाचा गोळा. तो उलटा केला तर मानेमागे मांस नव्हतं. उंदरांनी रात्रीतून कुरतडलं होतं. आणि पिल्लू जिवंत होतं. डोळा उघडा होता, काळा, ओला, माझ्याकडे वळलेला. मी किंचाळले, रडले, पाय आपटले. "सगळे मार, कोरो! सगळेच्या सगळे!" कोरोनं पिल्लाची मान पिरगळून त्याला सोडवलं आणि जवळ बसला. "सगळे मारून काय करशील? त्याला इथं आणला कुणी? तो काय आपण होऊन आला? होडीत रताळ्यांशेजारी टोपलीत घालून आणला आपण, वाटेत भूक लागली तर म्हणून. आणला आपण, तर खायचा आपण. हिवाळ्यात आपण पोटभर खाल्ला की वसंतात पिल्लं खायला तो थोडाच उरतो. आपण खायचं सोडलं की बघ काय होतं ते." तेव्हा मी नाक ओढत ऐकलं आणि विसरून गेले. कोरो गेल्यावर हिवाळ्यात बेटावर कुणी गेलं नाही. उन्हाळ्यात सहलीला जात, पोहत, बियर पीत. उंदीर खाणारे म्हणून पुन्हा कुणी हसायला नको, म्हणून आम्ही सगळे त्या वाटांवरून पाय काढून घेऊन बसलो, आणि आमच्या लाजेवर उंदीर पोसले गेले. मी तामातीला गाडी थांबवायला सांगितली. रस्त्याच्या कडेला वाकून उभी राहिले. पण काही बाहेर पडेना.

सभाघराच्या दारात चपला-बुटांचा ढीग. आत ओळीनं गाद्या, भिंतींवर कोरलेले पूर्वज, त्यांचे शिंपल्यांचे डोळे, आणि दिवंगतांचे फोटो, त्यांत कोरोचा, कॉलर घट्ट बसलेला. हूरियानं आमच्या रीतीनं नाकाला नाक लावून मला जवळ घेतलं आणि बाळ सरळ माझ्या मांडीत दिलं. "घ्या आँटी. तुमच्याइतके स्वच्छ हात गावात कुणाचे नाहीत." मी त्याच्या गालाचा मुका घेतला. तो माझ्या बोटाला धरून झोपला आणि मी त्याच्या पंजाकडे फार वेळ पाहायचं टाळलं. सकाळी बोलणं सुरू झालं. तामाती चांगला बोलला, हात हलवत, पिल्लांचे मोठे केलेले फोटो फिरवत. बायकांनी चच् केलं, तोंडं वळवली. मग रिपेका आँटी उठली. ती कोरोचं शेंडेफळ, नव्वदीला टेकलेली, काठीपेक्षा बारीक. म्हणाली, "तो आपल्या होडीतून आला. आपल्याबरोबर उपाशी राहिला. आपला सोबती आहे. सोबत्याला कुणी विष घालतं का?" मागून एक तरुण ओरडला, "वल्हं पण मारलं का आँटी त्यानं?" घर खो खो हसलं. "तुझ्या आज्यानं तरी कुठं मारलं होतं?" ती म्हणाली, "घोरत पडला असेल तो, तुझ्यासारखा." पुन्हा हशा. पण मग तिच्या बाजूची माणसं एकामागून एक उठली, आणि उंदीर आमचा वारसा, उंदीर आमचा ठेवा, उंदीर आमचं रक्त असं बोलू लागली. त्यातल्या एकाच्या दंडावर उंदीर गोंदलेला होता. छान निगुतीनं, शेपटीला वळण देऊन. मला तामातीच्या फोटोंपेक्षा त्या गोंदणाची जास्त शिसारी आली, का ते तेव्हा कळलं नाही.

मग तामातीनं मला खूण केली. मी बाळ हूरियाकडे दिलं आणि उभी राहिले. आधी वाटा म्हणायच्या होत्या. मी डोळे मिटले. वाकड्या राताची वाट, इथं हेरापेकाचे फास. तुही पडला ती वाट. दोन बहिणींची. पाण्याकडची, मागं कुणी नसलेल्या चुलत्याची. नावं आपोआप येत होती, आधी पायांत आणि मग तोंडात, आणि कुणीतरी मुसमुसत होतं. पण मला रडू येत नव्हतं. वाटा सगळ्या फिरून झोपडीकडे येतात आणि झोपडीत शेकोटी असते. शेवटचं नाव घेतलं तेव्हा माझं तोंड पुन्हा पाण्यानं भरून आलं होतं. भर सभेत, पूर्वजांच्या डोळ्यांसमोर. मी गिळलं आणि डोळे उघडले. आता होकार द्यायचा होता. त्याऐवजी मी विचारलं, "इथं बसलेल्यांपैकी कियोरे कोण खाईल?"

क्षणभर कुणाला समजलं नाही. मग एक पोरगं "ईईई" करून आईच्या कुशीत तोंड लपवायला लागलं आणि सगळे हसले. "हसू नका," मी म्हटलं. "मारायचा म्हणता तुम्ही. ठेवायचा म्हणता तुम्ही. खाणार कोण? कोरो म्हणायचा, आपण आणला तर आपणच खायचा. आपण लाजेनं खायचं सोडलं आणि त्यानं पिल्लं खाल्ली. आता तुम्हाला तो एक तर विषानं मेलेला हवा नाही तर दंडावर गोंदलेला हवा. ताटात कुणालाच नको." गोंदणवाल्यानं बाही खाली ओढली. "पिरि," तामाती दबक्या आवाजात म्हणाला, "तू शब्द दिला होतास." "दिला होता." "मग बस ना खाली, हो म्हण आणि बस." रिपेका आँटीनं काठी आपटली. "मी खाल्ला असता गं. दात असते तर खाल्ला असता. पण म्हातारीचं सोड. पिरिहिरा, तू विचारतेस ना सगळ्यांना? तू खाशील?"

हे मला कुणी विचारेल असं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मी विचारणारी. मी टॉर्च धरणारी. सगळी तोंडं माझ्याकडे वळली होती आणि ती माझ्यात आमच्या कुळातली सर्वांत स्वच्छ बाई पाहायच्या सवयीची होती. मी तामातीकडे पाहिलं. त्याला आठवत होतं. त्याचे डोळे सांगत होते की त्याला झाकणासकट सगळं आठवतंय आणि तो शाळेच्या त्या खिडकीतून हलणार नाही. "मी खाल्लाय," मी म्हटलं. "लहानपणी. चुकून खाल्ला आणि कळल्यावर अजून मागितला. परवा एका भट्टीखाली उंदीर भाजला गेला, शहरातला, घाणेरडा. माझ्या तोंडाला पाणी सुटलं. आत्ता वाटा म्हणतानाही सुटलं. मला त्याची एवढी किळस येते की झोप लागत नाही. पण खाशील का विचारता, तर हो. खाईन."

कुणी हसलं नाही. तामाती उठून बाहेर गेला. त्याच्यामागे दार हललं. पुढचं बोलणं रिपेका आँटीनं आटोपलं, जसं फक्त तीच आटोपू शकते. या हिवाळ्यात हेलिकॉप्टर नाही. पिरिहिरा बेटावर जाईल, सोबत ज्याला यायचं तो येईल, वाटांवर फास लागतील, आणि जे धरलं जाईल ते शिजेल आणि खाल्लं जाईल. वसंतात बिळं बघू. पिल्लांच्या माना कुरतडलेल्या निघाल्या तर पिरिहिरा स्वतः उभी राहून विषाला हो म्हणेल. "म्हणशील?" "म्हणेन," मी म्हटलं, आणि ते काळं ओलं डोळ्याचं बुबुळ मला दिसलं. जी पिल्लं या वर्षी मरतील ती माझ्या जिभेपायी मरतील, हे मला ठाऊक होतं. कुणी सोबत येतो म्हणालं नाही.

जेवणघरात लांब टेबलं मांडली होती. शिंपले, डुकराचं मांस, भोपळा, तळलेली भाकरी, सगळं वाफाळतं. मी बाकावर बसले तेव्हा माझ्या एका बाजूची बाई ताट घेऊन पलीकडे सरकली, मुलाला जागा करते असं दाखवत. भाकरीची टोपली माझ्याकडे आली ती मी एक घेतल्यावर पुढे गेलीच नाही, शेजारच्याला एकदम भूक नव्हती. समोर हूरिया बसली होती, बाळ मांडीवर. ती माझ्याकडे पाहून हसली, चांगली मुलगी आहे ती, आणि मग तिनं पिशवीतून ओला रुमाल काढला आणि बाळाचा गाल पुसायला लागली. काल मी मुका घेतला होता तोच गाल. आधी हळूच, मग जरा जोरानं, मग त्याची ती बोटं, एकेक करून, मुळापर्यंत. तिच्या डोळ्यांत जी नजर होती ती मी लगेच ओळखली. मी माझे हात टेबलाखाली नेले आणि नखं मुठीत लपवली. तिच्या शेजारी तिचा बाप येऊन बसला होता. तामातीनं लेकीचा हात पाहिला, रुमाल पाहिला, मला पाहिलं. त्यानं तोंड उघडलं. मग भाकरीचा तुकडा मोडून त्यात घातला, आणि मान खाली घालून चावत राहिला.